आपल्याच विसर्जनाचा ठराव करणारें पार्लमेंट : कॅनडा प्रांताचें आठवें कायदेमंडळ (१८६३–१८६७)

ब्रिटिश साम्राज्यांतील वसाहतींचा इतिहास आमच्याकडे बहुधा गव्हर्नर, सेनापति व लढाया ह्यांच्या अनुषंगानें वाचला जातो. त्या वसाहतींच्या कायदेमंडळांत काय चाललें, कोणत्या प्रश्नावर कोणीं कसें मत दिलें, प्रधानमंडळें कां पडलीं, ह्या गोष्टी रुक्ष म्हणून बाजूस राहतात. आम्ही शाळेंत इतिहास शिकवीत असतां ‘कॅनडाचें संघराज्य १८६७ सालीं स्थापन झालें’ हें एक वाक्य मुलांकडून पाठ करून घेत असूं. वाक्य खरें आहे. परंतु त्यामागें एका कायदेमंडळाची चार वर्षांची धडपड आहे, व ती समजल्यावांचून त्या वाक्याचा अर्थ उमगत नाहीं, हें आमच्या ध्यानांत फार उशिरां आलें.

उत्तर अमेरिकेंतील ‘कॅनडा प्रांत’ ह्या ब्रिटिश वसाहतीचें पहिलें पार्लमेंट १८४१ सालीं भरलें. एका सार्वत्रिक निवडणुकीपासून पुढील विसर्जनापर्यंतचा जो काळ, त्या काळांतील सभेस एक पार्लमेंट म्हणून मोजण्याचा प्रघात आहे. त्या गणनेनें १८६३ च्या उन्हाळ्यांत निवडलेलें पार्लमेंट आठवें होय, आणि तेंच शेवटचें ठरलें. ज्या प्रांताचें तें कायदेमंडळ होतें तो प्रांतच मोडून नवी घटना करावी, अशी विनंति त्यानें स्वतः ठराव करून राणीस केली. हें त्यानें कां केलें, कोणत्या युक्तिवादानें केलें, आणि तसें करण्याचा त्यास अधिकार होता काय, ह्या तीन प्रश्नांचा विचार प्रस्तुत लेखांत करण्याचें योजिलें आहे.

१. समान जागांचें मूळ

सेंट लॉरेन्स नदीच्या वरच्या अंगाचा, बहुतांशीं इंग्रजी बोलणाऱ्या प्रॉटेस्टंट लोकांचा मुलूख तो अपर कॅनडा, आणि खालच्या अंगाचा, बहुतांशीं फ्रेंच बोलणाऱ्या कॅथॉलिक लोकांचा मुलूख तो लोअर कॅनडा, असे दोन निरनिराळे प्रांत १७९१ च्या कायद्यानें केले होते. १८३७-३८ सालीं दोन्ही ठिकाणीं बंडें झालीं. त्यांच्या चौकशीस आलेल्या लॉर्ड डरहॅम ह्यानें १८३९ च्या आपल्या अहवालांत दोन मुख्य सूचना केल्या. वसाहतीस जबाबदार राज्यपद्धति द्यावी ही एक. आणि दोन्ही प्रांत जोडून फ्रेंच लोकांस हळूहळू इंग्रजी समाजांत मिसळून टाकावें ही दुसरी. पहिली सूचना अंमलांत यावयास १८४८ साल उजाडलें. दुसरी मात्र लगेच मान्य झाली, आणि १० फेब्रुवारी १८४१ पासून दोन्ही प्रांतांचा एक प्रांत झाला.

त्या वेळीं लोअर कॅनडाची वस्ती सुमारें साडेसहा लक्ष व अपर कॅनडाची सुमारें साडेचार लक्ष होती. लोकसंख्येप्रमाणें जागा दिल्या असत्या तर सभेंत लोअर कॅनडाचें पारडें जड झालें असतें. म्हणून दोन्ही भागांस सारख्याच, म्हणजे प्रत्येकीं ४२ जागा देण्यांत आल्या. अपर कॅनडाचें मोठें कर्ज दोघांच्या माथीं बसलें, आणि कायदेमंडळाच्या दप्तरांतून फ्रेंच भाषा वगळली गेली. ही भाषाबंदी १८४८ सालीं उठली. लोअर कॅनडांतील इंग्रज सभासदांची भर अपर कॅनडाच्या सभासदांस पडली म्हणजे फ्रेंच लोक कायमचे अल्पमतांत राहतील, असा हा हिशेब होता.

हा हिशेब काळानें उलटविला. ब्रिटन व आयर्लंड येथून आलेल्या लोकांनीं अपर कॅनडा भरूं लागला. १८५१-५२ च्या मोजणींत अपर कॅनडाची लोकसंख्या ९,५२,००४ व लोअर कॅनडाची ८,९०,२६१ निघाली. १८६१ सालीं हेच आंकडे अनुक्रमें १३,९६,०९१ व ११,११,५६६ झाले. मध्यंतरीं जागा वाढवून प्रत्येकीं ६५ केल्या होत्या, पण समानता तशीच ठेविली होती. येणेंप्रमाणें जी समानता फ्रेंचांस दाबण्यासाठीं योजिली होती तीच आतां त्यांची ढाल झाली, आणि जे तिचा लाभ घेत आले होते तेच तिला अन्याय म्हणूं लागले. टोरोंटो येथील ‘ग्लोब’ पत्राचा संस्थापक जॉर्ज ब्राउन ह्यानें ‘लोकसंख्येप्रमाणें प्रतिनिधित्व’ ही घोषणा अपर कॅनडाभर पसरविली. लोअर कॅनडाचें उत्तर सरळ होतें: आम्ही संख्येनें अधिक होतों तेव्हां हें तत्त्व कोठें गेलें होतें? दोन्ही पक्षांचें म्हणणें आपापल्या परी खरें होतें, आणि खरी अडचण तीच होती.

२. अडलेला गाडा

वाद नुसत्या जागांचा असता तर राज्यकारभार कसा तरी चालला असता. परंतु शाळा, चर्च, जमिनी, कर्ज व आगगाड्या, प्रत्येक बाबतींत दोन्ही भागांच्या गरजा निराळ्या होत्या आणि कायदेमंडळ एक होतें. प्रत्येक प्रधानमंडळास दोन भागांचे दोन पुढारी लागत, व त्या जोडीच्या नांवानेंच तें ओळखलें जाई. ज्या भागासाठीं कायदा करावयाचा त्या भागाच्या सभासदांचें बहुमत त्यास असावें, असें ‘दुहेरी बहुमता’चें तत्त्व कांहीं मुत्सद्द्यांनीं पुढें मांडलें. सँडफील्ड मॅकडोनल्ड हा त्याचा मोठा पुरस्कर्ता. पण १८६३ च्या वसंत ऋतूंत त्याच्याच कारकीर्दींत अपर कॅनडांतील कॅथॉलिक शाळांचा कायदा अपर कॅनडाच्या बहुसंख्य सभासदांच्या इच्छेविरुद्ध, लोअर कॅनडाच्या मतांवर मंजूर झाला, आणि तत्त्व जागच्या जागीं बसलें. राजधानी कोणती ह्याविषयींही एकमत होईना. ती प्रथम किंग्स्टन व नंतर मॉन्ट्रियल येथें होती; १८४९ सालीं जमावानें मॉन्ट्रियल येथील सभागृह जाळल्यावर ती टोरोंटो व क्वेबेक ह्या दोन शहरांत आळीपाळीनें फिरत राहिली. शेवटीं हा निवाडा राणीवर सोंपविला गेला व तिनें १८५७ च्या अखेरीस ओटावा हें गांव निवडलें.

आठवें पार्लमेंट १३ ऑगस्ट १८६३ रोजीं क्वेबेक शहरीं भरलें. सँडफील्ड मॅकडोनल्ड व आंत्वान-एमे दोरियों ह्यांच्या प्रधानमंडळाचें बहुमत इतकें थोडें होतें कीं मार्च १८६४ मध्यें त्यांनीं आपण होऊन राजीनामा दिला. त्यांच्या जागीं एतियेन ताशे व जॉन ए. मॅकडोनल्ड आले, त्यांस तीन महिनेही मिळाले नाहींत. मे १८६२ पासून जून १८६४ पर्यंत अशीं चार प्रधानमंडळें पडलीं अगर बाजूस झालीं. महाभारतांत सुंद व उपसुंद हे दोन समबल भाऊ एकमेकांच्या हातून नाश पावले. शास्त्रकारांनीं त्यावरून सुंदोपसुंदन्याय सांगितला आहे. येथें उभयतां जिवंत होते, पण दोघांनाही हात हालवितां येत नव्हता.

३. १४ जून १८६४

ह्या दिवशीं दोन गोष्टी घडल्या. घटनेच्या प्रश्नाचा विचार करण्यासाठीं जॉर्ज ब्राउन ह्याच्या अध्यक्षतेखालीं सर्व पक्षांची एक समिति नेमलेली होती. तिनें आपला अहवाल सभेपुढें ठेविला व संघराज्याच्या धर्तीवर फेरबदल करावे असें मत दिलें. त्यास ज्या तिघां सभासदांनीं विरोध केला त्यांत जॉन ए. मॅकडोनल्ड हा होता. पुढें ज्यास संघराज्याचा जनक म्हणून लोक ओळखूं लागले, त्यानेंच त्या दिवशीं संघराज्याविरुद्ध मत द्यावें, ही गोष्ट ध्यानांत ठेवण्यासारखी आहे. त्याच दिवशीं मॉन्ट्रियल शहरास पूर्वीं दिलेल्या १ लक्ष डॉलरच्या आगाऊ रकमेच्या प्रश्नावर ताशे-मॅकडोनल्ड प्रधानमंडळाचा ६० विरुद्ध ५८ मतांनीं पराभव झाला.

आतां पुन्हां निवडणूक घेतली असती तरी तेंच चित्र उमटलें असतें. गव्हर्नर जनरल लॉर्ड मंक ह्याचा कल पक्षांनीं आपसांत तडजोड करावी असा होता. आणि ब्राउन, ज्यानें फ्रेंच कॅथॉलिकांवर व मॅकडोनल्डवर वर्षानुवर्षें टीकेची झोड उठविली होती तो, आपण होऊन पुढें आला. घटनेचा प्रश्न कायमचा सोडवावयाचा असेल तर आपण विरोधकांस साहाय्य करूं, असें त्यानें कळविलें. २२ जून रोजीं तडजोड सभेपुढें जाहीर झाली, आणि ३० जून रोजीं ब्राउन आपल्या दोघां सहकाऱ्यांसह प्रधानमंडळांत शिरला. ह्या संयुक्त प्रधानमंडळांत लोअर कॅनडाचा खरा पुढारी जॉर्ज-एतियेन कार्तिये हा होता. १८३७ च्या बंडांत तो सरकारविरुद्ध लढला होता. अशीं माणसें एका मेजाभोंवतीं बसलीं तीं परस्परप्रेमानें नव्हे. निराळा मार्ग उरला नाहीं म्हणून बसलीं.

पुढील घटना त्वरेनें घडल्या. नोव्हा स्कोशिया, न्यू ब्रन्सविक व प्रिन्स एडवर्ड बेट ह्या समुद्रकांठच्या वसाहती आपल्यापुरती एकी करण्याचा विचार करण्यास सप्टेंबर १८६४ मध्यें शार्लटटाउन येथें जमणार होत्या. कॅनडाच्या प्रधानांनीं तेथें जाऊन सर्वांच्या संघराज्याची कल्पना मांडली. ऑक्टोबरांत क्वेबेक येथें परिषद भरून ७२ ठराव तयार झाले. अमेरिकेंतील यादवी युद्धाची छाया ह्या सर्वांवर होती. परिषद चालूं असतांनाच, १९ ऑक्टोबर रोजीं, दक्षिणेकडील पक्षाच्या लोकांनीं कॅनडांतून जाऊन व्हरमाँट संस्थानांतील सेंट आल्बन्स गांवावर छापा घातला. शेजारचें प्रबळ राष्ट्र चिडलें तर विखुरलेल्या वसाहतींची धडगत नाहीं, हें त्या छाप्यानें सर्वांस दिसलें.

४. पूर्वपक्ष व उत्तरपक्ष

फेब्रुवारी १८६५ मध्यें हे ७२ ठराव आठव्या पार्लमेंटाच्या दोन्ही सभागृहांपुढें आले. ह्या चर्चेचा समग्र वृत्तांत सरकारी रीत्या उतरवून छापण्यांत आला. तो हजारावर पृष्ठांचा ग्रंथ आजही अभ्यासकास उपलब्ध आहे. आमच्या मतें ह्या पार्लमेंटाचें खरें स्मारक तेंच होय. आपल्या शास्त्रग्रंथांत पूर्वपक्ष जितका समर्थ तितका सिद्धांत भक्कम मानतात. तें गमक येथें लावून पाहिलें तर ह्या चर्चेंतील पूर्वपक्ष, म्हणजे विरोधकांचा पक्ष, मोठा समर्थ होता.

प्रथम प्रधानांची बाजू पाहूं. मॅकडोनल्डनें उघड सांगितलें कीं आपणांस सर्व वसाहतींचें एकच कायदेमंडळ अधिक पसंत होतें. परंतु लोअर कॅनडाची भाषा, धर्म व कायदे निराळे असल्यामुळें व समुद्रकांठच्या वसाहतींसही आपलें वेगळेंपण सोडवत नसल्यामुळें तें शक्य नाहीं. म्हणून सामान्य हिताच्या बाबी मध्यवर्ती सरकाराकडे व स्थानिक बाबी प्रांतांकडे, आणि जें कोठेंच नमूद नाहीं तें मध्यवर्ती सरकाराकडे, अशी वांटणी योजिली. कार्तिये ह्यानें निरनिराळ्या वंशांचें मिळून एक राजकीय राष्ट्र होऊं शकतें हें तत्त्व मांडलें. ब्राउनला त्याची लोकसंख्येप्रमाणें जागांची मागणी खालच्या सभागृहांत मिळाली.

विरोधकांत दोरियों हा अग्रगण्य. त्याचें म्हणणें असें कीं, नांव संघाचें असलें तरी वस्तु निराळी आहे: प्रांतांचे लेफ्टनंट गव्हर्नर मध्यवर्ती सरकार नेमणार, प्रांतांचे कायदे तें रद्द करूं शकणार, आणि उरलेले सर्व अधिकार त्याच्याकडे जाणार, मग प्रांतास काय उरलें? संस्कृत जाणणाऱ्या वाचकास येथें एक गोष्ट सुचेल. ‘संघ’ व ‘संहति’ हे दोन्ही शब्द सम् + हन् ह्या एकाच मुळापासून निघाले आहेत. एकत्र येणें आणि घट्ट होऊन एकजीव होणें ह्यांमधील सीमारेषा भाषेनेंच पुसट ठेविली आहे; दोरियोंचा आक्षेप नेमका त्या रेषेवर होता.

दुसरा विरोधक ख्रिस्तोफर डंकिन, लोअर कॅनडांतील इंग्रज. त्याचें भाषण फेब्रुवारीच्या अखेरीस झालें. त्यानें भविष्य केलें कीं सरकारनियुक्त वरचें सभागृह प्रांतांचें रक्षण करूं शकणार नाहीं. तें काम प्रधानमंडळावर येऊन पडेल, आणि प्रत्येक प्रांतास व समाजास प्रधानमंडळांत जागा देत बसावें लागेल. पुढील कॅनडाच्या राजकारणानें हें भाकीत बरेंचसें खरें करून दाखविलें.

५. लोकांस विचारावें काय?

सर्वांत मर्मभेदी आक्षेप मात्र योजनेवर नव्हता. तो अधिकारावर होता. ह्या सभासदांस १८६३ सालीं मतदारांनीं निवडलें तेव्हां प्रांत मोडण्याचा प्रश्न त्यांच्यापुढें नव्हता. मुखत्यारानें कारभार पाहावा. मिळकतच दुसऱ्यास देऊन टाकण्याचा अधिकार त्यास आहे काय? प्रधानांचें उत्तर असें कीं, पार्लमेंट हें मतदारांचें नुसतें मुखत्यार नव्हे. तें विचार करून निर्णय घेण्यासाठींच निवडलेलें असतें, व एका प्रश्नावर सर्व जनतेचीं मतें घेण्याची चाल ब्रिटिश परंपरेंतील नाहीं.

उत्तर तर्कशुद्ध होतें. वर्तन तितकें निर्मळ नव्हतें. मार्चच्या आरंभीं न्यू ब्रन्सविकच्या निवडणुकींत संघराज्याचा पक्ष पराभूत झाल्याची बातमी आली. तेव्हां मॅकडोनल्डनें ७ मार्च रोजीं सभेच्या नियमांतील अशी तजवीज योजिली कीं मूळ ठरावास उपसूचनाच आणतां येऊं नये. ११ मार्चच्या पहांटे मतमोजणी झाली: अनुकूल ९१, प्रतिकूल ३३. अपर कॅनडांतून ५४ विरुद्ध ८ व लोअर कॅनडांतून ३७ विरुद्ध २५ अशी त्यांची विभागणी होती. फ्रेंच सभासदांपुरतें पाहिलें तर बहुमत फार थोडें होतें. वरच्या सभागृहानें २० फेब्रुवारी रोजींच ४५ विरुद्ध १५ मतांनीं मान्यता दिली होती. मतमोजणीनंतर दोन दिवसांनीं जॉन हिलयार्ड कॅमेरन ह्यानें लोकांचा कौल घेण्याची सूचना आणली, ती ८४ विरुद्ध ३५ मतांनीं फेटाळली गेली.

ज्यांचा कौल घेण्याची कोणीं सूचनाही आणली नाहीं असे लोकही होते. स्त्रियांस मत नव्हतें. त्या भूमीचे मूळचे रहिवासी कोणत्याही परिषदेस बोलाविले गेले नाहींत. १८६७ च्या कायद्यांत ते व त्यांच्यासाठीं राखलेल्या जमिनी हा मध्यवर्ती सरकारच्या अधिकारांच्या यादींतील २४ वा विषय झाला. चलन, टपाल, दीपगृहें ह्यांच्या यादींत एक मनुष्यसमाजही विषय म्हणून घातला गेला. हजारावर पृष्ठांच्या त्या ग्रंथांतील सर्वांत मोठी उणीव हीच होय.

६. ओटावांतील अखेरचें अधिवेशन

पुढील दीड वर्षांत मंडळी पांगूं लागली. ताशे ३० जुलै १८६५ रोजीं वारला; ब्राउननें डिसेंबरांत राजीनामा दिला. कामकाज मात्र थांबलें नाहीं. लोअर कॅनडाच्या दिवाणी कायद्याची संहिता ह्याच पार्लमेंटानें १८६५ सालीं मान्य केली, व ती १ ऑगस्ट १८६६ पासून अंमलांत आली. ज्या समाजास विलीन करण्यासाठीं प्रांत जोडला होता, त्याच समाजाचा स्वतंत्र कायदा त्या प्रांताच्या अखेरच्या वर्षांत सुस्थिर व्हावा, ह्यांत काळाचा मोठा विनोद आहे.

पांचवें व शेवटचें अधिवेशन ८ जून १८६६ रोजीं ओटावा येथील नव्या सभागृहांत भरलें. अवघ्या सहा दिवसांपूर्वीं अमेरिकेंतून चालून आलेल्या आयरिश फेनियन लोकांशीं रिजवे येथें लढाई झाली होती. ह्या अधिवेशनांत दोन भावी प्रांतांच्या स्थानिक घटना ठरल्या. लोअर कॅनडांतील अल्पसंख्य प्रॉटेस्टंटांच्या शाळांचें विधेयक मागें घ्यावें लागलें, व त्यामुळें अर्थमंत्री गॉल्ट ह्यानें राजीनामा दिला; म्हणजे ज्या प्रश्नानें गाडा अडला होता तो अखेरपर्यंत पाठ सोडीत नव्हता. १५ ऑगस्ट रोजीं अधिवेशन संपलें व हें पार्लमेंट पुन्हां भरलें नाहीं. २९ मार्च १८६७ रोजीं लंडन येथें कायद्यास राणीची संमति मिळाली, आणि १ जुलै १८६७ रोजीं जुना प्रांत जाऊन ओंटॅरिओ व क्वेबेक हे दोन प्रांत, नोव्हा स्कोशिया व न्यू ब्रन्सविक ह्यांसह, एका संघांत आले.

७. समारोप

नव्या खालच्या सभागृहांत १८१ जागा होत्या: ओंटॅरिओ ८२, क्वेबेक ६५, नोव्हा स्कोशिया १९, न्यू ब्रन्सविक १५. क्वेबेकची ६५ ही संख्या कायम धरून इतरांच्या जागा लोकसंख्येच्या प्रमाणांत ठरवाव्या, असा नियम केला. जुन्या प्रांतांत लोअर कॅनडास असलेला ६५ हाच आंकडा नव्या गणिताचें माप झाला. वरच्या सभागृहांत ओंटॅरिओस २४, क्वेबेकास २४ व समुद्रकांठच्या दोहोंस मिळून २४ जागा दिल्या. एका सभागृहांत संख्येचा न्याय व दुसऱ्यांत प्रदेशांचा न्याय, आणि त्याखालीं प्रत्येक प्रांतास घरच्या बाबींचें स्वतंत्र कायदेमंडळ, अशी ही तडजोड होती. नोव्हा स्कोशियानें सप्टेंबर १८६७ च्या निवडणुकींत १९ पैकीं १८ जागीं संघविरोधी उमेदवार निवडून आपली नाराजी दाखविली. न विचारल्याचें मोल असें लगेच द्यावें लागलें. उलटपक्षीं डंकिन व दोरियों ह्या विरोधकांनीं पुढें त्याच संघराज्यांत मंत्रिपदें स्वीकारलीं, हेंही नमूद केलें पाहिजे.

आमच्या वाचकांस हा इतिहास परका वाटण्याचें कारण नाहीं. भारताच्या घटनेच्या मसुदा समितीचे अध्यक्ष डॉ. आंबेडकर ह्यांनीं २१ फेब्रुवारी १९४८ च्या पत्रांत, भारतास ‘युनियन’ म्हणतांना समितीनें १८६७ च्या ह्या कायद्याच्या प्रस्तावनेची भाषा अनुसरल्याचें सांगितलें आहे. आणि उर्वरित अधिकार केंद्राकडे ठेवण्याची पद्धतिही कॅनडाचीच आहे. लोकसंख्येप्रमाणें जागांचा प्रश्नही आम्हांस चुकला नाहीं. १९७६ च्या ४२ व्या घटनादुरुस्तीनें राज्यांच्या लोकसभेंतील जागांची वांटणी १९७१ च्या जनगणनेवर गोठविली, आणि २००१ च्या ८४ व्या दुरुस्तीनें ती मुदत २०२६ नंतरच्या पहिल्या जनगणनेपर्यंत वाढविली. मोजणी झाली म्हणजे कोणाचें वजन वाढावें, कोणाचें घटावें, हा ब्राउन व कार्तिये ह्यांच्या पुढचाच प्रश्न होय.

आठव्या पार्लमेंटाच्या उदाहरणावरून आम्हांस दोन गोष्टी दिसतात. एका पक्षास दाबण्यासाठीं केलेली घटना वीस वर्षांनीं करणाऱ्याच्याच गळ्यांत येते, ही एक. आणि दोन्ही बाजूंचा न्याय खरा असेल तेव्हां एकाच सभेंत तो निवडण्याचा हट्ट सोडून सभांचीच पुनर्रचना करावी लागते, ही दुसरी. ती करतांना ज्यांच्या घराची वांटणी होत आहे त्यांस विचारावें, एवढें मात्र त्या सभेकडून राहून गेलें. इत्यलम्.